लायकस नदीचे खोरे : तीन मंडळ्यांची भूमी

शास्त्रभाग : कलस्सैकरांस पत्र, अध्याय ४, फिलेमोनाला पत्र, प्रकटीकरण ३.१४ ते २२. उपदेशक बंधूंनी पाठ शिकविण्यापूर्वी हे तिन्ही भाग वाचून ठेवावेत, व शक्य झाल्यास एका कागदावर साधा नकाशा काढून जवळ ठेवावा.

कलस्सैकरांच्या पत्राच्या शेवटी पौल एपफ्रासाविषयी लिहितो, तेव्हा तो तीन गावांची नावे एका दमात घेतो : कलस्सै, लावदिकीया व हेरापली. आपण ती नावे वाचतो व पुढे जातो. ती एकमेकांपासून किती दूर, कोण डोंगरावर, कोण सपाटीवर, ह्याचा विचार सहसा मनात येत नाही. वास्तविक ही तिन्ही नगरे एकाच खोऱ्यात आहेत, आणि चांगला चालणारा मनुष्य दोन दिवसांत तिन्ही ठिकाणी जाऊन येईल. आज ती तुर्कस्तानातील देनिझ्ली नामक एकाच प्रांतात मोडतात. ह्या पाठात त्या भूमीची ओळख करून घ्यावयाची आहे. विशेषेकरून तेथील पाण्याची. कारण त्या पाण्याविषयी एक समजूत आपल्या उपदेशांतून वर्षानुवर्षे सांगितली जाते, आणि ती प्रत्यक्ष जमिनीशी जुळत नाही.

देनिझ्ली प्रांत तुर्कस्तानाच्या नैर्ऋत्य भागात, एजियन समुद्रापासून आत, इफिसाच्या पूर्वेस आहे. त्याचे क्षेत्रफळ सुमारे १२ हजार चौरस किलोमीटर असून लोकसंख्या दहा लक्षांहून अधिक आहे. प्रांताला समुद्रकिनारा नाही. पश्चिमेकडून मेंदेरेस नदीचे रुंद खोरे आत शिरते. ही तीच नदी, जिला प्राचीन ग्रीक लोक मायान्द्र म्हणत. ती इतकी वळणे घेत जाते की, नागमोडी चालीला पाश्चात्य भाषांत तिच्याच नावावरून शब्द रूढ झाला. तिला पूर्वेकडून येऊन मिळणारी लहान नदी म्हणजे लायकस. ग्रीक भाषेत लायकस म्हणजे लांडगा. तुर्की लोक तिला चुरुक्सू म्हणतात, म्हणजे ‘नासके पाणी’. नावात एवढा फरक का पडला हे पाणी चाखणाऱ्यांस ठाऊक. ह्या प्रदेशाच्या पाण्यात चुना फार.

खोऱ्याच्या दक्षिणेस उंच डोंगर आहेत. त्यांपैकी होनाझ डोंगर, ज्याला पूर्वी कद्म म्हणत, अडीच हजार मीटरांहून अधिक उंच असून त्याच्या माथ्यावर हिवाळ्यात बर्फ असते. त्या डोंगरांतून थंड झरे निघतात. खोऱ्याच्या उत्तर कडेला मात्र जमिनीतून ऊन पाणी वर येते. असे का ? खोरे म्हणजे नदीने कोरलेली नुसती घळ नव्हे. दोन्ही बाजूंस भूपृष्ठाला मोठ्या भेगा पडून मधली जमीन खाली खचली आहे. त्या भेगांतून पावसाचे पाणी खोल जाते, तेथे तापते, आणि दुसऱ्या वाटेने परत वर येते. ज्या भेगा ऊन पाणी देतात त्याच भूकंपही देतात. ह्या प्रांताचा सर्व इतिहास ह्या दोन गोष्टींत गुंतलेला आहे, हे लक्षात ठेवावे.

आता नकाशावर तीन ठिपके द्या. मध्यभागी, लायकसच्या दक्षिणेस एका पठारावर लावदिकीया. तिच्या समोर उत्तरेस, सुमारे १० किलोमीटरांवर म्हणजे तीन कोसांवर, हेरापली. आणि पूर्वेकडे, होनाझ डोंगराच्या पायथ्याशी, लावदिकीयेपासून सुमारे पाच कोसांवर कलस्सै. लावदिकीयेच्या पठारावर उभे राहून उत्तरेकडे पाहिले तर खोऱ्यापलीकडे डोंगराच्या कडेवर पांढरा पट्टा दिसतो. नवखा मनुष्य त्याला बर्फ समजेल. ते बर्फ नव्हे. त्याचे तुर्की नाव पामुक्कले, अर्थात ‘कापसाचा किल्ला’.

हा पांढरा डोंगर पाण्याने बांधलेला आहे. भूमीतून येणाऱ्या ऊन पाण्यात चुना विरघळलेला असतो, आणि त्याला विरघळलेल्या स्थितीत धरून ठेवणारा कर्बवायूही असतो. पाणी उघड्यावर आले की वायू उडून जातो, व चुना धरून ठेवण्याची पाण्याची शक्ती संपते. मग तो चुना पाण्याखाली थराथराने बसतो. आपल्याकडे जड पाणी तापविण्याच्या हंड्याच्या आत जे पांढरे कीट धरते, तेच हे. फक्त येथे हंडा नसून सबंध डोंगराची कड आहे, व हे काम हजारो वर्षे चालले आहे. जेथे पाणी काठावरून सांडते तेथे ते अधिक खळबळते, वायू अधिक जातो, म्हणून काठावर चुना अधिक बसतो. काठ उंच होत जातो व त्याच्या मागे उथळ कुंड तयार होते. अशा कुंडांच्या पायऱ्याच पायऱ्या कड्यावरून खाली उतरल्या आहेत, आणि त्यांत निळसर पाणी साचलेले असते. पांढऱ्या भागाची लांबी पावणेतीन किलोमीटरांच्या सुमारास आहे. तेथून थोड्या अंतरावर उत्तरेस काराहायित नावाचे गाव आहे. तेथील पाणी अधिक ऊन असून त्यात लोह असल्यामुळे खडक तांबडे-पिवळे झाले आहेत.

माणसाच्या लोभाने हा शुभ्र डोंगर एकदा जवळजवळ बिघडवला होता. विसाव्या शतकाच्या उत्तरार्धात कड्याच्या अगदी माथ्यावर, प्राचीन नगराच्या अवशेषांत, प्रवाशांकरिता उपाहारगृहे व निवासगृहे उभी राहिली. त्यांनी आपल्या स्नानाच्या हौदांकरिता झऱ्याचे पाणी वळवून घेतले. पांढऱ्या थरावरून गाड्यांचा रस्ता गेला, जोड्यांनी कुंडे झिजली, आणि कड्याचा रंग मळकट होऊ लागला. १९८८ मध्ये युनेस्को ह्या संस्थेने पामुक्कले व हेरापली ह्यांचा जागतिक वारशाच्या यादीत समावेश केला, आणि त्यानंतरच्या दशकात ती निवासगृहे पाडण्यात आली. आता पांढऱ्या भागावर पाय ठेवण्यापूर्वी प्रत्येकाला पादत्राणे काढावी लागतात. पाणीही सर्व कुंडांत एकदम सोडीत नाहीत. चर काढून ते पाळीपाळीने सोडतात. कारण एकाच जागी सतत पाणी राहिले तर शेवाळ धरते. थोडा वेळ पाणी व मग ऊन मिळाले तर चुना पांढरा व घट्ट होतो. ज्यांनी पाटाच्या पाण्याची पाळी सांभाळली आहे त्या आमच्या शेतकरी वाचकांस ही व्यवस्था चटकन समजेल.

पांढऱ्या कड्याच्या माथ्यावरच हेरापली नगराचे अवशेष आहेत. पर्गम येथील राजांच्या काळात, इसवी सनापूर्वी दुसऱ्या शतकात, हे नगर भरभराटीस आले, आणि इ. स. पू. १३३ मध्ये तेथील शेवटच्या राजाच्या मृत्युपत्राने ते राज्य रोमी लोकांच्या हाती गेले. लोक येथे ऊन पाण्यात स्नान करून बरे होण्याच्या आशेने येत. त्यांपैकी बरेच येथेच मरण पावले असावेत, असे तेथील स्मशानभूमी पाहून वाटते. कारण तिच्यात सुमारे १२०० थडगी आहेत, आणि आशिया मायनरातील मोठ्या प्राचीन स्मशानभूमींत तिची गणना होते.

ह्या थडग्यांवरील लेख वाचण्याजोगे आहेत. फ्लावियुस झ्यूक्सिस नावाच्या व्यापाऱ्याने आपल्या थडग्यावर असे कोरवून ठेवले की, मालेया भूशिराला वळसा घालून तो ७२ वेळा इटलीला जाऊन आला. ते भूशीर वादळांकरिता कुप्रसिद्ध होते. दुसरे एक थडगे आम्मियानोस नावाच्या मनुष्याचे, तिसऱ्या शतकातील. त्यावर पाण्याच्या चाकाने चालणाऱ्या दगड कापण्याच्या करवतीचे चित्र कोरलेले आहे. चाकाच्या गोल फिरण्यापासून करवतीची मागेपुढे चाल निर्माण करणारी दांड्याची योजना त्या चित्रात आहे, आणि अशा योजनेचा ह्याहून जुना पुरावा अद्याप सापडलेला नाही. पुढे वाफेच्या यंत्रांत हीच योजना उलट दिशेने उपयोगी पडली. तिसरे थडगे ग्लुकोन नावाच्या मनुष्याचे. त्याने जांभळा रंग देणाऱ्यांच्या व गालिचे विणणाऱ्यांच्या संघांकडे पैसे ठेविले, ते अशासाठी की त्यांच्या व्याजातून बेखमीर भाकरीच्या सणाला व पन्नासाव्या दिवसाच्या सणाला त्याच्या थडग्याची आठवण ठेवावी. ह्यावरून यहूदी सण पाळणारे लोक त्या नगराच्या धंद्यांत किती मिसळून गेले होते ते कळते. गुलामगिरीत वाढून पुढे तत्त्ववेत्ता म्हणून नावाजलेला एपिक्तेत ह्याच नगरात जन्मला.

ह्याच हेरापलीत एक भयंकर स्थान होते. त्याला प्लुतोनियोन म्हणत, म्हणजे पाताळदेव प्लुतो ह्याचे द्वार. भूगोलकार स्ट्राबो लिहितो की, त्या विवरातून दाट धुके निघे. त्यात बैल नेला तर तो तत्काळ पडून मरे. त्याने स्वतः चिमण्या आत टाकून पाहिल्या, त्याही मेल्या. परंतु देवीचे नपुंसक पुजारी मात्र आत जाऊन जिवंत परत येत, आणि लोक ह्याला दैवी सामर्थ्य समजत. २०१३ मध्ये इटालियन संशोधक फ्रांचेस्को द’आन्द्रिया ह्यांनी हे द्वार शोधून काढल्याचे जाहीर केले. तेथे आजही पक्षी व किडे मरून पडतात. २०१८ मध्ये शास्त्रज्ञांनी मोजमाप करून कारणही दाखविले. भेगेतून कर्बवायू येतो. तो हवेहून जड असल्यामुळे रात्रभर जमिनीलगत तळ्याप्रमाणे साचतो व पहाटे सर्वांत दाट असतो. उन्हाने व वाऱ्याने तो पांगतो. बैलाचे नाक त्या वायूच्या थरात असे, आणि ताठ उभ्या असलेल्या पुजाऱ्याचे डोके त्याच्या वर राही. स्ट्राबोनेही पुजारी श्वास रोखून धरतात असे नमूद केले होते. देवाचा कोप म्हणून जे दाखविले जात होते ते मोजण्याच्या यंत्राला काही क्षणांत समजले. आपल्या गावांतही अशा जागा आहेत की, जेथे जुन्या आडात उतरलेला मनुष्य परत आला नाही, आणि लोकांनी त्याचे खापर भुताखेतांवर फोडले. अशा वेळी आडात आधी दिवा सोडून पाहावा असे वृद्ध सांगत. दिवा विझला तर उतरू नये हा त्यांचा सल्ला योग्यच होता ; पण दिवा जळत राहिला म्हणून निर्धास्त होऊ नये, कारण दिवा न विझवताही जीव घेणारे वायू असतात.

फिलिप्प हेरापलीत मरण पावला अशी परंपरा फार जुनी आहे. दुसऱ्या शतकाच्या अखेरीस इफिसाचा पोलुक्रातेस लिहितो की, बारा जणांपैकी फिलिप्प तेथे निजला आहे व त्याच्या दोन मुलीही. दुसरे जुने लेखक मात्र चार संदेष्ट्या मुली असलेल्या सुवार्तिक फिलिप्पाचे, म्हणजे प्रेषितांच्या कृत्यांतील सात जणांपैकी एकाचे, नाव तेथे सांगतात. दोघांचा घोटाळा त्या काळीच झाला होता, हे स्पष्ट आहे. डोंगरावर पाचव्या शतकात अष्टकोनी स्मारकमंदिर बांधले होते. २०११ मध्ये त्याच्या जवळच एका जुन्या मंदिरात फिलिप्पाचे थडगे सापडल्याचे द’आन्द्रिया ह्यांनी जाहीर केले. थडगे जुने आहे व लोक त्याला फार मान देत होते, एवढे त्यावरून निश्चित होते. आत फिलिप्प होता काय, हे दगड सांगत नाही. पण त्या मुलींची भेट हेरापलीचा अध्यक्ष पपियास ह्याला घडली होती व त्याने त्यांच्या तोंडच्या गोष्टी लिहून ठेविल्या, ही साक्ष मला थडग्याहून मोलाची वाटते.

आता खोरे उतरून लावदिकीयेकडे वळू. सिरियाचा राजा दुसरा अंतियुख ह्याने इ. स. पू. तिसऱ्या शतकाच्या मध्यास हे नगर वसविले व आपली राणी लावदिके हिचे नाव त्याला दिले. त्याने पुढे तिला सोडले, पण नाव राहिले. पूर्व-पश्चिम जाणारा मोठा राजमार्ग येथूनच जाई, म्हणून पैसा येथे थांबे. सुप्रसिद्ध रोमी वक्ता किकेरो इ. स. पू. ५१ मध्ये प्रांताधिपती म्हणून ह्याच नगरात आला व येथे न्यायदानास बसला. आपल्या हुंड्याही त्याने येथेच वटविल्या. त्याच्या आधी दुसऱ्या एका अधिपतीने यहूद्यांनी यरुशलेमेच्या मंदिराकरिता जमविलेले सोने जप्त केले होते, तेव्हा एकट्या लावदिकीयेत वीस रोमी पौंडांहून अधिक सोने सापडले. हिएरोन नावाच्या एका नागरिकाने नगराला दोन हजार तालान्तांहून अधिक संपत्ती ठेविली, असे स्ट्राबो सांगतो. आणि तोच सांगतो की, येथील मेंढ्यांची लोकर मऊपणात प्रसिद्ध मिलेत नगराच्या लोकरीहून सरस असून रंगाने डोमकावळ्यासारखी काळी असे.

इ. स. ६० मध्ये भूकंपाने नगर पडले. इतिहासकार टॅसिटस लिहितो की, लावदिकीया रोमेकडून काही साहाय्य न घेता स्वतःच्या पैशाने पुन्हा उभी राहिली. मी श्रीमंत आहे व मला कशाचीही गरज नाही असे म्हणणाऱ्या मंडळीला प्रकटीकरणात जे ऐकावे लागले, ते ह्या नगराच्या बोलण्याशी ताडून पाहावे. पांढऱ्या वस्त्रांचा उल्लेख काळ्या लोकरीच्या बाजारात झाला आहे. डोळ्यांत घालावयाच्या अंजनाविषयी मात्र थोडी सावधगिरी हवी. लावदिकीयेजवळ वैद्यकाची प्रसिद्ध शाळा होती हे स्ट्राबो स्पष्ट सांगतो. पण प्रसिद्ध अंजन तेथेच तयार होई, हे टीकाकारांनी इकडचे तिकडचे जुळवून काढलेले अनुमान आहे. उपदेशात ते अनुमान म्हणूनच सांगावे.

आता ज्या समजुतीविषयी आरंभी लिहिले ती पाहू. आपण असे ऐकत आलो आहो की, हेरापलीचे ऊन पाणी नळाने लावदिकीयेत आणले जाई, ते वाटेत कोमट होई, पिणाऱ्यास मळमळे, आणि म्हणून तिच्या मंडळीला कोमट म्हटले आहे. गोष्ट चटकदार आहे खरी. पण जमीन तिला आधार देत नाही. लावदिकीयेचे नळ उत्तरेकडून, हेरापलीकडून, आलेले नाहीत. ते दक्षिणेकडून, म्हणजे आज जेथे देनिझ्ली शहर आहे त्या बाजूच्या झऱ्यांवरून आले. दगडाचे चौकोनी ठोकळे मधोमध पोखरून व एकापुढे एक घट्ट बसवून दुहेरी नळ केला होता. शेवटच्या टप्प्यात तो सखल जागेत उतरतो व पाण्याच्या दाबाने पुन्हा पठारावर चढतो. तेथे हौदाच्या बुरुजातून पाणी मातीच्या नळांनी नगरभर वाटले जाई. हे नळ आजही तेथे पाहावयास मिळतात. त्यांच्या आतल्या बाजूस चुन्याचा जाड थर बसला आहे, काही तर जवळजवळ बुजून गेले आहेत. म्हणजे पाणी जड होते. तरीही ते पिण्याजोगे होते, असे स्ट्राबोनेच लिहून ठेविले आहे.

१९५८ च्या सुमारास रडविक व ग्रीन ह्या दोन अभ्यासकांनी निराळा अर्थ सुचविला, व तो पुष्कळांस मान्य झाला. हेरापलीचे ऊन पाणी रोग्याच्या उपयोगाचे. कलस्सैचे डोंगरातले गार पाणी तहानलेल्याच्या उपयोगाचे. लावदिकीयेचे पाणी ह्यांपैकी एकाही कामाचे नाही. तेव्हा ‘ऊन’ म्हणजे आवेशी व ‘थंड’ म्हणजे अविश्वासी असे नसून, ऊन व थंड ही दोन्ही चांगली आहेत. ह्या अर्थामुळे एक जुनी अडचण दूर होते. मनुष्य थंड असता तर बरे, असे प्रभूने का म्हणावे, हा प्रश्न प्रत्येक वर्गात कोणी तरी विचारतोच. तथापि ह्या अर्थालाही एक गाठ आहे. पामुक्कलेच्या मुख्य झऱ्याचे पाणी आज सुमारे ३५ अंश उष्णतेचे आहे, आणि आपल्या घरी आपण तेवढ्या पाण्याला कोमटच म्हणू. म्हणून मला वाटते की, तीन गावांच्या पाण्याची तुलना फार ताणू नये. त्या काळी जेवणाच्या पंक्तीत पाहुण्याला द्राक्षारसात मिसळावयास ऊन पाणी देत किंवा गार. यजमानाने नुसते राहून गेलेले पाणी पुढे केले तर त्याचा अर्थ पाहुण्याला चांगला कळे. लावदिकीयेच्या पत्रात शेवटी दारावरची थाप व एकत्र जेवण येते, हेही विसरू नये. नळाची गोष्ट मात्र सोडून द्यावी. ती गेल्याने शास्त्रभागाचे काही जात नाही.

लावदिकीयेचे लोक पाण्याविषयी किती दक्ष होते ह्याचा पुरावा तेथील पामुक्कले विद्यापीठाच्या संशोधकांना सापडला आहे. प्राध्यापक जेलाल शिमशेक ह्यांच्या देखरेखीखाली २००३ पासून तेथे खोदकाम चालले. त्यात त्रायान बादशहाच्या कारंज्याजवळ इ. स. ११४ मधील एक संगमरवरी लेख मिळाला. तो पाण्याचा कायदाच आहे. नळ फोडणाऱ्यास, पाणी दूषित करणाऱ्यास, किंवा नगराचे पाणी स्वतःकडे वळविणाऱ्यास ५,००० पासून १२,५०० दिनारांपर्यंत दंड ! ज्यांची शेते नळाच्या कडेला आहेत त्यांनी ते पाणी शेतीला घेऊ नये. नगराचे पाणी कोणा एकाला फुकट देऊ नये. हौदांवर व नळांवर आच्छादन असावे, आणि दर वर्षी दोन नागरिकांची पाण्यावर देखरेख करण्याकरिता नेमणूक व्हावी. एक दिनार ही मजुराची एका दिवसाची मजुरी, हे आपल्याला द्राक्षमळ्याच्या दाखल्यावरून ठाऊक आहे. त्यावरून ह्या दंडाचा अदमास करावा. अंधाऱ्या रात्री पाट फोडून पाणी आपल्या वावरात घेणारे कोणत्याही काळी व कोणत्याही देशी असतात. पण हा कायदा झोपडीवाल्यापेक्षा वाडेवाल्यांकरिता होता असे दंडाच्या आकड्यावरून वाटते.

२०१० मध्ये ह्याच नगरात जमिनीखाली पाहणाऱ्या यंत्राच्या साहाय्याने एका मोठ्या उपासनामंदिराचा शोध लागला. ते चौथ्या शतकाच्या आरंभीचे, म्हणजे कोन्स्तान्तीन बादशहाच्या काळचे आहे. त्यात बाप्तिस्म्याचे कुंड आहे व ते संगमरवराने मढविलेले आहे. ज्या मंडळीला मुखातून ओकून टाकण्याची ताकीद मिळाली होती, तिचे लोक अडीचशे वर्षांनंतरही तेथे होते व बाप्तिस्मा देत होते, हे सांगावयास आपण विसरतो. इ. स. ३६३–३६४ च्या सुमारास येथे एक धर्मसभाही भरली. तेथील एका स्तंभावर यहूदी दीपवृक्ष कोरलेला आहे व त्याच्या वरून क्रूस काढलेला आहे. तो कोणत्या भावनेने काढला, शत्रुत्वाने की आपलेपणाने, ह्यावर तज्ज्ञांत वाद आहे.

सातव्या शतकाच्या आरंभी पुन्हा मोठा भूकंप झाला. नळ तुटले, आणि ह्या वेळी नगराने ते पुन्हा जोडले नाहीत. लोक दक्षिणेकडे, जेथून पाणी येत होते त्या डोंगराच्या उताराकडे, निघून गेले. तेथे जी वस्ती वाढली तीच पुढे लादिक व आता देनिझ्ली शहर. १३३० नंतर दोन-तीन वर्षांत अरब प्रवासी इब्न बतूता तेथे आला. तो शिरताच दोन टोळ्यांनी त्याच्या घोड्यांचे लगाम धरले व आपसांत सुऱ्या उपसल्या. आपण लुटारूंच्या हाती सापडलो असे त्याला वाटले. मग कळले की, ते ‘अखी’ नावाच्या बंधुसंघांचे लोक असून पाहुणा आधी कोणाच्या घरी उतरावा ह्यावरून भांडत होते ! चिठ्ठ्या टाकून निकाल झाला. तेथील बागा, वाहते पाणी आणि ग्रीक स्त्रियांनी तयार केलेले सोनेरी काठांचे सुती कापड ह्यांची तो फार स्तुती करतो. हाच गृहस्थ पुढे हिंदुस्थानात येऊन दौलताबाद व नंदुरबार येथेही गेला होता. देनिझ्लीचे ते ग्रीक ख्रिस्ती १९२२–२३ पर्यंत तेथे होते. त्या युद्धात व नंतर ग्रीस आणि तुर्कस्तान ह्यांच्यामध्ये झालेल्या लोकांच्या अदलाबदलीत ते गेले.

कापडाचा धंदा मात्र कोठे गेला नाही. काळ्या लोकरीपासून आरंभ झालेले हे काम आज टॉवेल, चादरी व पंचांच्या रूपाने देशोदेशी जाते. बुलदान ह्या गावचे हातमागाचे पातळ, चुण्यांचे कापड प्रसिद्ध आहे. शहराचे मानचिन्ह कोंबडा आहे, कारण देनिझ्लीचा कोंबडा एका दमात वीस सेकंदांच्या घरात आरवतो. सेरिनहिसारचे भाजलेले हरभरे, होनाझच्या चेरी व चालची द्राक्षे ह्यांना बाजारात मागणी असते. आणि भूमीतील ऊन पाणी आता स्नानापुरतेच राहिले नाही. सारायकोय तालुक्यात किझिल्देरे येथे १९८४ पासून त्याच्या वाफेवर वीज निघते. अशा प्रकारचे ते तुर्कस्तानातील पहिले वीजकेंद्र होय.

राहिले कलस्सै. तिघांत हे सर्वांत जुने, आणि शेवटी सर्वांत लहान झाले. इ. स. पू. ४८१ मध्ये क्षयर्ष राजा, ज्याला बहुतेक पंडित एस्तेरच्या पुस्तकातील अहश्वेरोश समजतात, ग्रीस देशावर चालून जाताना येथे थांबला. हेरोदोत सांगतो की, ह्या नगरात लायकस नदी एका विवरात पडून दिसेनाशी होते व काही अंतरावर पुन्हा बाहेर येते. इ. स. पू. ४०१ मध्ये क्सेनोफोन सैन्यासह येथे सात दिवस होता. तेव्हा नगर मोठे व संपन्न होते. पुढे लावदिकीया वाढली, व्यापार तिकडे गेला, आणि पौलाच्या काळी कलस्सै दुय्यम गाव राहिले होते. पौल ह्या गावी स्वतः आला नव्हता. ते काम एपफ्रासाचे. गावठी मंडळीत एकट्याने काम करणाऱ्या उपदेशकाने हे ध्यानात घ्यावे की, ज्या पत्राचा जगभर अभ्यास होतो ते अशा लहान व उतरत्या गावाला लिहिलेले आहे.

त्या पत्रात देवदूतांची उपासना करणाऱ्यांविरुद्ध इशारा आहे. लावदिकीयेच्या धर्मसभेने तीनशे वर्षांनंतर तेच पुन्हा मना केले, ह्यावरून ती चाल मोडली नव्हती असे दिसते. आणि नंतर कलस्सैजवळच, खोनै म्हणजे आजच्या होनाझ येथे, आद्यदेवदूत मीखाएलाचे मोठे यात्रास्थान उभे राहिले. कथा अशी की, शत्रूंनी मंदिर बुडविण्याकरिता नदी वळविली, तेव्हा मीखाएलाने खडक दुभंगून पाणी विवरात नेले. हेरोदोताचे विवर इथे पुन्हा भेटते. लोक पाहिलेली गोष्ट विसरत नाहीत, फक्त तिचा कर्ता बदलतात. इ. स. १०७० मध्ये तुर्की स्वारांनी ते मंदिर लुटले.

शेवटी फिलेमोनाचे पत्र नकाशा पुढे ठेवून वाचावे. तुखिक व पळालेला दास अनेसिम हे दोघे पत्रे घेऊन निघाले. ते इफिसाकडून आले असल्यास त्यांची वाट मेंदेरेसच्या काठाने व मग लायकसच्या खोऱ्यातून वर जाते. प्रथम लावदिकीया लागते. तेथे डाव्या हाताला खोऱ्यापलीकडे हेरापलीचा पांढरा कडा दिसला असेल. पळताना अनेसिमाने तो उजव्या हाताला पाहिला होता. लावदिकीयेत नुंफेच्या घरी मंडळी जमत असे. तेथून कलस्सै पाच कोस, म्हणजे अर्ध्या दिवसाची वाट, थोडीशी चढाची, समोर होनाझ डोंगर. रोमी कायद्याप्रमाणे धनी त्याला फटके मारू शकत होता, कपाळावर डाग देऊ शकत होता. त्याच्याजवळ एक लहानसे पत्र होते, आणि ते फिलेमोनाच्याच नावाचे होते.

कलस्सैची जागा होनाझ गावाच्या उत्तरेस एका टेकाडाच्या रूपाने आहे. उतारावर नाट्यगृहाचा खोलगट आकार ओळखू येतो, बाजूने ओढा वाहतो, भोवती शेते व चेरीच्या बागा आहेत. लावदिकीयेत व हेरापलीत पुष्कळ वर्षांपासून खोदकाम झाले. ह्या टेकाडाला फार काळ कोणी कुदळ लावली नव्हती, आणि अगदी अलीकडे तेथे संशोधकांनी काम हाती घेतले आहे. ज्या घरात ती मंडळी जमत असे ते त्या मातीखाली आहे.